अनुकंपा नियुक्ती: घरातलं कोण पात्र, अर्ज कधी करायचा आणि नाव कोणाचं द्यायचं? (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

सरकारी नोकरीत असलेला माणूस अचानक गेला की तेराव्याच्या आतच घरात कोणीतरी विचारतं, "त्यांच्या जागेवर आता आपल्यापैकी कोणाला घेतील का?" विचारायची घाई वाटते, पण घर चालायचं तर तो प्रश्न टाळता येत नाही. आस्थापना शाखेत काम करताना अनुकंपाच्या अनेक फायली माझ्या टेबलावरून गेल्या. नियमात बसणारी कुटुंबंही दोन ठिकाणी अडकलेली पाहिली: अर्ज उशिरा आला, नाहीतर घाईत चुकीच्या माणसाचं नाव दिलं गेलं. म्हणून त्या दोन गोष्टींवर इथं जास्त लिहिलं आहे.

मुख्यतः महाराष्ट्र शासनाच्या योजनेबद्दल सांगतो. तिचा पाया म्हणजे सामान्य प्रशासन विभागाचा २१ सप्टेंबर २०१७ चा एकत्रित शासन निर्णय. त्यानंतर त्यात बदल होत गेले, जुलै २०२५ मध्ये सुधारित धोरण आलं. केंद्र सरकार, रेल्वे, जिल्हा परिषद, महापालिका यांच्याबद्दल पुढे थोडक्यात आहे.

अनुकंपा नोकरी हा वारसांचा हक्क आहे का?

नाही. जमीन किंवा घर जसं वारसाकडे येतं तशी ही नोकरी येत नाही. हरियाणातल्या एका प्रकरणात १९९४ साली सर्वोच्च न्यायालयानं ही गोष्ट स्पष्ट केली आणि तेव्हापासून देशभरातली न्यायालयं त्याच निकालाचा आधार घेतात. कमावता माणूस गेल्यामुळे कुटुंबावर एकाएकी आलेल्या आर्थिक संकटातून त्याला सावरणं, एवढाच ह्या योजनेचा हेतू. सरकारी नोकऱ्या सगळ्यांसाठी खुल्या असाव्यात हा मूळ नियम आहे आणि अनुकंपा हा त्याला केलेला अपवाद. म्हणूनच नियम काटेकोर लावले जातात.

हक्क नाही म्हणजे कार्यालयानं वाटेल तसं वागावं असंही नाही. तुम्ही नियमात बसत असाल तर तुमच्या अर्जाचा नियमानुसार आणि वेळेत विचार व्हायलाच हवा. तेवढा हक्क तुमचा आहेच.

कोणत्या कर्मचाऱ्याच्या घरच्यांना ही योजना लागू होते?

नियमित आस्थापनेवरचा कर्मचारी सेवेत असताना वारला तर. कंत्राटी, रोजंदारी किंवा मानधनावर काम करणाऱ्यांना ही योजना लागू नाही. निवृत्तीनंतर मृत्यू झाला तरी लागू नाही, मग तो निवृत्तीच्या दुसऱ्या दिवशी का झालेला असेना.

आधी योजना गट क (लिपिकासारखी पदं) आणि गट ड (शिपायासारखी पदं) पुरती होती. नक्षलवादी, दहशतवादी किंवा समाजकंटकांच्या हल्ल्यात मृत्यू झाला असेल तरच वरच्या गटांचा विचार व्हायचा. कोविडच्या काळात बरेच अधिकारी गेले, त्यानंतर २०२१ मध्ये शासनानं गट अ आणि गट ब च्या अधिकाऱ्यांच्या कुटुंबांनाही योजना लागू केली. १ जानेवारी २०२० पासून झालेले मृत्यू त्यात धरले. नोकरी मात्र गट क किंवा गट ड मध्येच मिळते. वडील तहसीलदार होते म्हणून मुलाला तहसीलदार करत नाहीत.

घरातलं कोण अर्ज करू शकतं?

कुटुंबातली एकच व्यक्ती, आणि ती पुढच्यांपैकी असावी लागते: पती किंवा पत्नी; मुलगा किंवा मुलगी, विवाहित असो वा अविवाहित; मृत्यूपूर्वी कायदेशीररीत्या दत्तक घेतलेला मुलगा किंवा मुलगी; मुलगा हयात नसेल किंवा नोकरीसाठी पात्र नसेल तर सून; घटस्फोटित, परित्यक्ता किंवा विधवा मुलगी अथवा बहीण. कर्मचारी अविवाहित असेल तर त्याच्यावर सर्वस्वी अवलंबून असलेला भाऊ किंवा बहीण.

आई-वडील ह्या यादीत नाहीत, नातूही नाही. विवाहित कर्मचाऱ्याचा भाऊही नाही, आणि हे सांगताना मला नेहमी जड जायचं. गावाकडे अनेक घरांत धाकट्या भावाचं शिक्षण, लग्न, सगळं थोरल्याच्या पगारावर झालेलं असतं. वहिनी स्वतःच म्हणते, "भाऊजींनाच घ्या, तेच आम्हाला बघतील." नियमात मात्र ते बसत नाही. अशा वेळी भावाच्या नावानं अर्ज करून वर्ष घालवू नका. वहिनीचं नाव द्या, किंवा मुलांचा विचार करा.

लग्न झालेल्या मुलीला खरंच मिळते का?

हो. पूर्वी मिळत नव्हती. २०१३ मध्ये काही अटींवर आणि पुढे २०१६ मध्ये मोकळेपणानं विवाहित मुलींना पात्र धरलं गेलं. "लग्न झालंय, आता तुमचं नाव चालणार नाही" असं आजही कुठल्या टेबलावर ऐकायला मिळालं तर २०१७ च्या शासन निर्णयातली पात्र कुटुंबीयांची यादी समोर ठेवा.

एक सावधगिरी मात्र हवी. सप्टेंबर २०२२ मध्ये महाराष्ट्रातल्याच एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाचा निकाल आला. वडील सेवेत असताना वारले, त्यांच्या जागी आईला अनुकंपा नोकरी लागली, २०११ मध्ये आईही गेली आणि विवाहित मुलीनं अर्ज केला. मुलगी आईवर अवलंबून होती असं म्हणता येत नाही, शिवाय मृत्यूला बरीच वर्षं लोटली आहेत, असं सांगून न्यायालयानं नियुक्ती नाकारली. तेव्हा यादीत नाव बसतं एवढ्यावर थांबू नका. आई आणि लहान भावंडांचा सांभाळ तुम्ही करताय, तुमचं घर त्या पगारावर चालत होतं, हे कागदावर दिसू द्या. रेशनकार्डावरचं नाव, एकाच पत्त्याचा पुरावा, आईचं शपथपत्र हे सगळं अर्ज करतानाच जोडा.

दत्तक मुलगा, दुसऱ्या पत्नीची मुलं यांचं काय?

दत्तकविधान मृत्यूच्या आधी झालेलं असावं आणि कायदेशीर असावं. नोंदणीकृत दत्तकपत्र असलं तर फाईल सरळ चालते. माणूस गेल्यानंतर मागची तारीख टाकून केलेलं दत्तकपत्र पकडलं जातं आणि मग घरातल्या खऱ्या वारसाच्या अर्जावरही संशय येतो.

पहिली पत्नी असताना केलेलं दुसरं लग्न हिंदू विवाह कायद्यानं अवैध ठरतं, त्यामुळे त्या पत्नीला ही नोकरी मिळणं अवघड. तिच्या मुलांना मात्र केवळ त्या कारणासाठी डावलता येणार नाही, असं सर्वोच्च न्यायालयानं रेल्वेच्या दोन प्रकरणांत, २०१८ आणि २०२२ मध्ये, सांगितलं आहे. आई-बापाच्या लग्नाचा दोष मुलांच्या माथी मारू नये, हे मला पूर्ण पटतं. अशा घरांत खरी अडचण ना-हरकतीची, म्हणजे बाकीच्या वारसांच्या लेखी संमतीची, असते. दोन्हीकडच्या माणसांनी बसून एक नाव ठरवलं नाही तर फाईल वर्षानुवर्षं कपाटातच राहते.

तिसरं अपत्य असेल तर?

३१ डिसेंबर २००१ नंतर कर्मचाऱ्याला तिसरं अपत्य झालेलं असेल तर त्याच्या कुटुंबाला अनुकंपा नियुक्ती देता येत नाही. इथं तिन्ही मुलांच्या जन्मतारखा बघितल्या जातात. अर्जदारालाही स्वतःपुरतं लहान कुटुंबाचं प्रतिज्ञापन द्यावं लागतं, ते २००५ च्या नियमांनुसार.

घरात आधीच कोणी सरकारी नोकरीत आहे. मग संपलं का?

तेवढ्यावर संपत नाही. नोकरीत असलेली ती व्यक्ती कुटुंबाला खरोखर आधार देते का, हे पाहिलं जातं. थोरला मुलगा पोलिसात आहे पण लग्नानंतर वेगळा राहतो, आईला काही देत नाही, अशी घरं असतात. मात्र हे लेखी द्यावं लागतं, आणि आईला मुलाविरुद्ध कागदावर लिहून देणं फार जड जातं. घरची स्थिती जशी आहे तशीच लिहा. चौकशीत ती तपासली जाते.

अर्ज किती दिवसांत करायचा?

२०१७ च्या शासन निर्णयात मुदत मृत्यूच्या दिनांकापासून एक वर्ष होती. उशीर झाला तर योग्य कारण दाखवून, मृत्यूपासून तीन वर्षांच्या आत, तो माफ करून घेण्याची सोय होती. जुलै २०२५ च्या सुधारित धोरणात अर्जाची मुदत वाढवली आहे.

मुदत वाढली तरी माझं सांगणं हेच की पहिल्या वर्षातच अर्ज द्या. प्रतीक्षासूचीत तुमचा क्रमांक अर्जाच्या तारखेवर ठरतो, आणि तुम्ही दोन वर्षं थांबलात तर तेवढ्या काळात अर्ज केलेली सगळी घरं तुमच्या पुढे जातात. दुसरं, प्रकरण न्यायालयात गेलं तर पहिला प्रश्न येतो, "इतकी वर्षं घर कसं चाललं?" एवढा काळ निभावला म्हणजे संकट टळलं, असा अर्थ न्यायालयं काढतात. पश्चिम बंगालमधल्या एका प्रकरणात २०२३ साली सर्वोच्च न्यायालयानं नेमक्या ह्याच मुद्द्यावर वारसांच्या विरोधात निकाल दिला.

योजनेची माहिती कुटुंबाला देणं हे कार्यालयाचं काम आहे. पेन्शनची कागदपत्रं भरून घेताना अनुकंपाची माहिती द्यावी आणि तशी पोच घ्यावी, अशा सूचना आहेत. पण बऱ्याच ठिकाणी हे होत नाही. तुम्ही स्वतःच विचारा.

मुलं लहान आहेत, पत्नीला नोकरी करणं शक्य नाही. मग?

मूल अज्ञान असेल तर ते अठरा वर्षांचं झाल्यावर अर्ज करू शकतं. मुदत तेव्हापासून मोजली जाते. पण मृत्यूनंतर लगेच कार्यालयाला एक पत्र द्या: "आमचा मुलगा अमुक तारखेला सज्ञान होईल, तेव्हा त्याच्या नावानं अर्ज करू." पोच जपून ठेवा. ह्या पत्रानं क्रमांक लागत नाही, पण पुढे कोणी "तुम्ही कधी कळवलंच नाही" असं म्हणू शकत नाही.

दहावीतला मुलगा असेल तर थांबायला हरकत नाही. मूल चार-पाच वर्षांचं असेल तर मात्र तेरा-चौदा वर्षं थांबणं हा फार मोठा जुगार आहे. त्या काळात धोरण बदलेल, नियम बदलतील, आणि तेव्हा जे नियम असतील तेच लागतील असंही न्यायालय म्हणू शकतं.

मग नाव नेमकं कोणाचं द्यावं?

बहुतेक घरं चुकतात ती इथंच, म्हणून थोडं सविस्तर सांगतो.

योजनेत अर्जदाराचं वय किमान १८ आणि कमाल ४५. नुसता अर्ज करताना ४५ च्या आत असून भागत नाही. प्रतीक्षासूचीत असताना ४५ पूर्ण झाली की नाव सूचीतून कमी होतं. माझ्या पाहण्यातल्या एका घरात नवरा गेला तेव्हा बाईंचं वय ४२ होतं आणि मोठी मुलगी बारावीला. "आईच्या हयातीत मुलीनं कशाला अर्ज करायचा" असा विचार करून सासरच्यांनी बाईंचं नाव दिलं. सूची लांब होती. बाई दर दोन-तीन महिन्यांनी एसटीनं जिल्ह्याच्या ठिकाणी यायच्या, पिशवीत अर्जाची छायाप्रत आणि जेवणाचा डबा. क्रमांक वर सरकत होता, पण ४५ आधी आली. नाव कमी झाल्याचं पत्र त्यांना पोस्टानं गेलं. मुलगी तोपर्यंत पदवीधर झाली होती, तिचं नाव घ्यायला तेव्हाचे नियम आडवे आले.

म्हणून नाव ठरवताना आधी वय बघा. चाळिशी ओलांडलेली आई आणि सज्ञान, शिकलेला मुलगा किंवा मुलगी असेल तर मुलाचं किंवा मुलीचं नाव देणं शहाणपणाचं. आई तिशीची आणि मुलं शाळेत असतील तर आईनंच अर्ज करावा, तिनं नोकरी कधी केली नसली तरी. कार्यालयात काम शिकवतात. मी तसं शिकलेल्या बायकांबरोबर काम केलं आहे, त्यांच्यातल्या काही जणी पुढे उत्तम लिपिक झाल्या.

मग शिक्षण बघा, कारण पद शिक्षणावर ठरतं. आणि सर्वात अवघड गोष्ट, ज्याचं नाव देताय तो माणूस घर बघेल का? नियुक्ती घेणाऱ्याला इतर कुटुंबीयांचा सांभाळ करण्याचं हमीपत्र द्यावं लागतं आणि ते न पाळल्यास त्याच्या नोकरीवर गदा येऊ शकते. पण हमीपत्राच्या जोरावर रोजचं जेवण येत नाही. आईनं पहिल्या महिन्याच्या दुःखात, पुतण्याच्या किंवा दिराच्या दबावाखाली, ना-हरकतीवर सही करू नये. एक-दोन महिने थांबून, सगळ्यांना समोर बसवून नाव ठरवावं.

एकदा दिलेलं नाव बदलता येतं का?

आता येतं, पण त्याला बरीच वर्षं लागली. २० मे २०१५ च्या शासन निर्णयानं नाव बदलण्यास मनाई केली होती, अपवाद सूचीतल्या उमेदवाराच्या मृत्यूचा. मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठानं २०२० मध्ये ही मनाई अवाजवी ठरवली. तरीही कार्यालयं अर्ज फेटाळत राहिली, वेगवेगळे निकाल येत राहिले आणि शेवटी नागपूरला उच्च न्यायालयाचं पूर्ण पीठ, म्हणजे जास्त न्यायाधीशांचं मोठं पीठ, बसलं. त्यानं २०२४ मध्ये कुटुंबांच्या बाजूनं कौल दिला. २०२५ च्या सुधारित धोरणानंही बदलाला वाट करून दिली आहे.

तरी बदलाचा अर्ज पहिल्या उमेदवाराचं वय ४५ होण्याच्या आधी द्या. नाव कमी झाल्यानंतर दिलेल्या अर्जावर भांडत बसावं लागतं.

कागदपत्रं कोणती लागतात?

मृत्यू प्रमाणपत्र, वारस दाखला, अर्जदाराचा शाळा सोडल्याचा दाखला, गुणपत्रिका आणि प्रमाणपत्रं, अधिवास, आधार, रेशनकार्ड, जातीचा दाखला असल्यास तो, लहान कुटुंबाचं प्रतिज्ञापन, बाकी सर्व सज्ञान वारसांची ना-हरकत शपथपत्रावर आणि सांभाळ करण्याचं हमीपत्र. विहित नमुना कार्यालयात मिळतो.

वारस दाखल्याबद्दल आधी विचारून घ्या. काही कार्यालयं तहसीलदाराचा दाखला घेतात, काही १८२७ च्या मुंबई विनियमाखालचं न्यायालयाचं वारसा प्रमाणपत्र मागतात. न्यायालयाच्या प्रमाणपत्राला वेळ लागतो, वर्तमानपत्रात नोटीस द्यावी लागते. ते लागणार असेल तर त्याच आठवड्यात अर्ज करा.

नावातला फरक हा आणखी एक त्रास. सेवापुस्तकात "सुनिता", आधारवर "सुनीता", मृत्यू दाखल्यात नुसतं "सौ. पाटील". एकच व्यक्ती असल्याचं शपथपत्र आधीच करून ठेवा.

अर्ज दिला, पण पुढे काहीच कळत नाही.

अर्ज आवक-जावक शाखेत द्या, दुय्यम प्रतीवर शिक्का, तारीख आणि आवक क्रमांक घ्या. ओळखीच्या बाबूच्या हातात दिलेला अर्ज म्हणजे अर्ज दिला असं होत नाही. तो खणात राहतो, बाबूची बदली होते आणि तुमच्याकडे तारखेचा पुरावा उरत नाही.

ज्येष्ठता *परिपूर्ण* अर्जाच्या तारखेवर ठरते. म्हणजे सगळी कागदपत्रं जोडलेला अर्ज ज्या दिवशी मिळाला तो दिवस. एक ना-हरकत कमी पडली आणि ती आठ महिन्यांनी दिली, तर आठ महिने मागे गेलात. त्रुटीचं पत्र आलं की दोन दिवसांत पूर्तता करा. पत्रच आलं नाही तर महिन्याभरानं लेखी विचारा, "माझ्या अर्जात त्रुटी आहे का?" सूचीतला क्रमांक सांगत नसतील तर माहिती अधिकारात मागा. उत्तराची मुदत ३० दिवस.

शिक्षण कमी आहे. टायपिंग येत नाही.

पदाची शैक्षणिक अट पूर्ण करावी लागते. लिपिक-टंकलेखकासाठी पदवी आणि मराठी ३० किंवा इंग्रजी ४० शब्द प्रति मिनिटाचं टंकलेखन लागतं. टंकलेखन आणि एमएस-सीआयटीसाठी अनुकंपा उमेदवाराला नियुक्तीनंतर मुदत दिली जाते, ती आदेशात लिहिलेली असते. ह्या मुदतीकडे दुर्लक्ष करू नका, ती उलटली तर नोकरी धोक्यात येते. सूचीत वाट बघत असतानाच क्लास लावा. पदवी अर्धी राहिली असेल तर मुक्त विद्यापीठातून पूर्ण करा आणि नवं प्रमाणपत्र लगेच कार्यालयात जमा करा.

नोकरी लागायला किती वर्षं लागतात?

जिल्ह्यावर, पदावर आणि रिक्त जागांवर अवलंबून आहे. सरळसेवेच्या, म्हणजे बढतीनं नव्हे तर थेट भरतीनं भरायच्या, रिक्त पदांपैकी ठरावीक टक्के जागाच अनुकंपातून भरता येतात. २०१९ मध्ये हे प्रमाण १० वरून २० टक्के करण्यात आलं, तेव्हा बऱ्याच सूच्या हलल्या. कार्यालयाच्या स्वतःच्या सूचीबरोबर जिल्हाधिकारी कार्यालयात सामाईक सूची असते. आपल्या खात्यात जागा नसेल तर दुसऱ्या खात्यात तिथून वाट मिळू शकते. तुमचं नाव तिथं गेलंय का, हे जरूर विचारा.

तोवर पेन्शन आणि ग्रॅच्युइटी घेत राहा. ते पैसे घेतल्यानं अनुकंपाचा अर्ज बाद होतो अशी भीती घालणारे भेटतात. तसं होत नाही, कुटुंब निवृत्तिवेतन हा वेगळा आणि पक्का हक्क आहे.

माणूस बेपत्ता आहे. मृत्यूचा दाखलाच नाही.

पोलिसांत तक्रार नोंदवलेली असावी. सात वर्षं ठावठिकाणा लागला नाही तर कायद्यानं मृत्यू गृहीत धरता येतो, आणि न्यायालयाकडून तशी घोषणा मिळाल्यावर राज्याच्या योजनेत अर्ज करता येतो. केंद्र सरकारच्या योजनेत दोन वर्षांनंतरच विचार होऊ शकतो.

जिल्हा परिषद, अनुदानित शाळा, महापालिका इथं काय?

जिल्हा परिषदेत हीच चौकट, सूची मात्र तिथली. खाजगी अनुदानित शाळांसाठी शालेय शिक्षण विभागाचे स्वतंत्र निर्णय आहेत आणि तिथं संस्था, शिक्षणाधिकारी असे दोन दरवाजे ठोठवावे लागतात.

सफाई कामगारांच्या घरांनी एक गोष्ट पक्की समजून घ्यावी: लाड-पागे समितीच्या शिफारशींनुसार मिळणारा वारसा हक्क वेगळा आणि अनुकंपा वेगळी. लाड-पागेत कामगार निवृत्त झाला किंवा त्यानं स्वेच्छानिवृत्ती घेतली तरी वारसाला नोकरी मिळू शकते. त्यासाठी २४ फेब्रुवारी २०२३ चा एकत्रित शासन निर्णय आहे. अशा घराला "अनुकंपाच्या सूचीत थांबा" असं सांगितलं जात असेल तर हा निर्णय दाखवा.

वडील केंद्र सरकारच्या नोकरीत होते.

तिथं गट क मधल्या सरळसेवेच्या ५ टक्के जागांची मर्यादा आहे. क्रमांक लागायची वाट बघायची नसते, समिती सगळ्या अर्जदारांच्या घरची स्थिती तोलते. मुलांची संख्या, लग्नाच्या मुली, पेन्शन, घर, जमीन, बाकी राहिलेली सेवा यांना गुण असतात. म्हणून उत्पन्नाचे आणि अवलंबितांचे पुरावे तिथं जास्त मोलाचे. आत्महत्येनं झालेला मृत्यूही त्यात येतो. ५५ वर्षांच्या आत वैद्यकीय कारणानं निवृत्त झालेल्यांचाही विचार होतो.

रेल्वेचे नियम स्वतःचे आहेत. भुसावळ, सोलापूर, नागपूर कुठल्याही विभागात कल्याण निरीक्षक असतो, तो घरी येऊन कागद भरून घेतो. त्याला भेटा.

अर्ज फेटाळला. आता कुठं जायचं?

आधी लेखी, कारणासह आदेश मागा. तोंडी नकार हा नकार नाही. राज्य कर्मचाऱ्याचं कुटुंब असेल तर महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे मॅट, मुंबई, नागपूर किंवा छत्रपती संभाजीनगरला. आदेशापासून एक वर्षाची मुदत असते. केंद्राचं प्रकरण केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे, म्हणजे कॅटकडे, जातं, जिल्हा परिषद किंवा शाळेचं उच्च न्यायालयात. वर्ष उलटू देऊ नका. पुन्हा पुन्हा विनंती अर्ज दिल्यानं मुदत वाढत नाही. वकिलाची फी परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा. महिलांना तिथं उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो.

"एवढे द्या, क्रमांक वर घेतो" असं कोणी म्हणालं तर?

एक रुपयाही देऊ नका. सूची तारखेनं चालते आणि ती मागून बघता येते. ग्रॅच्युइटीचे पैसे खात्यात आले की असे लोक बरोबर घरी पोचतात. लाचलुचपत प्रतिबंधक विभागाचा टोल फ्री क्रमांक १०६४ आहे.

शिपायाची जागा देत आहेत. मुलगा पदवीधर आहे. घ्यावी का?

एकदा नियुक्ती स्वीकारली की "आता लिपिक करा" म्हणून पुन्हा अनुकंपाचा दावा करता येत नाही. सर्वोच्च न्यायालयाचं मत तसंच आहे. म्हणून स्वीकारण्याआधी गट क च्या सूचीत तुमचं नाव आहे का, कितवं आहे आणि तिथं जागा निघण्यासारखी आहे का, हे लेखी विचारा. वय तिशीच्या आत आणि क्रमांक जवळ असेल तर थांबण्याचा विचार करता येईल, मात्र नकार दिल्यास सूचीतलं नाव राहील का हे त्याच पत्रात विचारून घ्या. वय चाळिशीकडे झुकलेलं असेल, घरात दुसरी कमाई नसेल, तर शिपायाची जागा घ्या. गट ड मधून पात्रता पूर्ण करणाऱ्यांना लिपिकपदी बढतीची वाट असते, आणि पहिल्या महिन्यापासून घरात पगार येतो. आदेश हातात आला की वैद्यकीय तपासणी आणि चारित्र्य पडताळणीचे कागद त्याच दिवशी मागून घ्या, आणि आदेशात लिहिलेल्या तारखेच्या आत रुजू व्हा.